बार्सिलोनाचा वेटर, बर्लिनचा पोरगा

ज्यांना ऐकायला वेळ नाही किंवा ज्यांचे इअरफोन घरी राहिलेत, त्यांच्यासाठी या एपिसोडचं हे लिखित रूप. बोलताना मी दोन-तीनदा अडखळलो होतो, तेवढं काढून टाकलंय. बाकी सगळं जसंच्या तसं आहे.

सुरुवात एका जोकने करतो. इंग्लंडच्या किनाऱ्यावरचं एक छोटं हॉटेल. मालक उंच, चिडका आणि कायम घाईत. वेटर बुटका, मिशीवाला, स्पेनहून आलेला. वेटर नाश्त्याचे ट्रे घेऊन चाललाय. मालक त्याला अडवतो आणि इंग्रजीत सांगतो की या ट्रेंवर लोणी फार झालंय. त्यातले शेवटचे तीन शब्द असे : 'ऑन दोज ट्रेज'. वेटर नम्रपणे मान हलवतो आणि मालकाला सुधारतो : नाही सेन्योर, 'ऑन दोज ट्रेज' नाही. 'उनो, दोस, त्रेस'. म्हणजे एक, दोन, तीन. त्याला वाटलं, साहेब स्पॅनिशमध्ये आकडे मोजतायत आणि चुकतायत.

हा सीन १९७५ चा. मालिकेचं नाव 'फॉल्टी टॉवर्स', वेटरचं नाव मॅन्युएल, आणि मॅन्युएल झालेल्या नटाचं नाव अँड्र्यू सॅक्स. आजचा एपिसोड या सॅक्सवर आहे.

आता कोडिंग करणारा माणूस पन्नास वर्षांपूर्वीच्या ब्रिटिश कॉमेडियनवर का बोलतोय, असं तुम्ही विचाराल. सांगतो. मी साताऱ्याकडच्या एका गावात मराठी माध्यमात शिकलो. इंजिनिअरिंगच्या पहिल्या वर्षाला सगळ्या वर्गासमोर मी 'डिटरमिन'ला 'डिटरमाईन' म्हणालो. नंतरची चार वर्षं माझं नाव डिटरमाईन होतं. म्हणजे खरं नाव माहीत असणारी पोरंसुद्धा 'ए डिटरमाईन, चहाला येतो का' असंच म्हणायची. मी हसायचो. न हसून करणार काय?

तर मॅन्युएल पहिल्यांदा बघितला तेव्हा मला हसू आलं, आणि लगेच थोडं कसंतरीही झालं. हे लोक नक्की कुणाला हसतायत? या प्रश्नाच्या मागे लागून मी सॅक्सबद्दल वाचत गेलो, आणि जे सापडलं ते मला अजिबात अपेक्षित नव्हतं.

बर्लिन, १९३८

अँड्र्यू सॅक्स स्पॅनिश तर नव्हताच, जन्माने इंग्रजही नव्हता. त्याचं मूळ नाव आंद्रेआस. जन्म ७ एप्रिल १९३०, बर्लिन. वडील ज्यू, विम्याचा व्यवसाय करणारे. आई कॅथलिक, ग्रंथपाल होती. पोरगा तीन वर्षांचा होत नाही तोवर हिटलर सत्तेत आला. नाझींच्या कायद्यांच्या हिशेबात असं मिश्र घर म्हणजे संशयित घर.

१९३८ मध्ये हे कुटुंब एका रेस्टॉरंटमध्ये जेवत होतं, आणि तिथूनच वडिलांना अटक झाली. समोर ताट, आणि बापाला पोलीस घेऊन चाललेत. पोरगा आठ वर्षांचा. पोलिसात एक ओळखीचा माणूस होता, त्याच्यामुळे वडील सुटले. सुटल्यावर ते आधी ब्रिटनला गेले. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये 'क्रिस्टलनाख्ट' झाली. जर्मनीभर ज्यूंची दुकानं फोडली, प्रार्थनास्थळं जाळली आणि हजारो पुरुषांना छळछावण्यांत नेलं. वर्ष संपायच्या आत बाकीचं कुटुंबही लंडनला पोचलं. उत्तर लंडनच्या किलबर्न भागात त्यांनी घर केलं, आणि सॅक्स पुढे आयुष्यभर त्याच भागात राहिला.

आता त्या पोराच्या जागी स्वतःला ठेवून बघा. घरात जर्मन, शाळेत इंग्रजी. आणि पुढच्याच वर्षी, सप्टेंबर १९३९ ला, ब्रिटनने जर्मनीविरुद्ध युद्ध पुकारलं. म्हणजे आईशी ज्या भाषेत बोलायचं, ती आता शत्रूची भाषा. ज्या देशाने हाकललं त्या देशाचे म्हणून इथेही संशयाने बघणार. अशा वेळी पोरं एक गोष्ट झटपट शिकतात : समोरचा कसा बोलतो, कसा चालतो, कुठे हसतो, ते बारकाईने बघायचं आणि तसंच करायचं. माझ्या मते सॅक्सची अभिनयाची पहिली शाळा हीच असणार.

दार उघडण्याचं टायमिंग

खरीखुरी तालीम मात्र लंडनच्या रंगभूमीवर झाली. १९५८ मध्ये तो 'सिंपल स्पायमेन' नावाच्या नाटकात होता. ही व्हाइटहॉल थिएटरची फार्स, ब्रायन रिक्स या नटाच्या कंपनीची. फार्स म्हणजे काय ते आपल्याला वेगळं सांगायला नको. दारं, कपाटं, लपलेली माणसं, गैरसमज आणि धावपळ. बबन प्रभूंचं 'दिनूच्या सासूबाई राधाबाई' ज्यांनी बघितलंय, त्यांच्या डोळ्यांसमोर लगेच येईल. फार्समध्ये संवादापेक्षा टायमिंग मोठं. दार अर्धा सेकंद उशिरा उघडलं की हशा गेला. आमच्या भाषेत सांगायचं तर सगळे थ्रेड बरोबर सिंक व्हायला पाहिजेत, नाहीतर प्रोग्रॅम कोसळतो.

पुढची पंधरा-सोळा वर्षं सॅक्स नाटकं, रेडिओ आणि टीव्हीवरच्या छोट्या भूमिका करत राहिला. काम मिळत होतं, पण रस्त्यात कुणी ओळखावं असं काही नव्हतं.

इथे जॉन क्लीझ येतो. 'मॉन्टी पायथन'वाला. १९७२ मध्ये क्लीझने काही जणांबरोबर 'व्हिडिओ आर्ट्स' नावाची कंपनी काढली, ऑफिसातल्या लोकांसाठी ट्रेनिंग फिल्म बनवणारी. आपल्याला जॉइनिंगच्या आठवड्यात जे कंटाळवाणे व्हिडिओ बघायला लावतात ना, त्यांचे हे आजोबा, फक्त हे खरंच विनोदी होते. (त्या कंपनीचा एक संस्थापक अँटनी जे, पुढे 'येस मिनिस्टर'चा सहलेखक.) सॅक्सने या फिल्ममध्ये क्लीझबरोबर काम केलं. शिवाय अॅलन बेनेटच्या 'हेबियस कॉर्पस' या १९७३ च्या नाटकात क्लीझने त्याला रंगमंचावर बघितलं. अंगाने विनोद करणारा माणूस क्लीझला हवाच होता.

तो हट्टी हॉटेलवाला

'फॉल्टी टॉवर्स'चं मूळ खऱ्या हॉटेलात आहे. १९७० मध्ये मॉन्टी पायथनची मंडळी शूटिंगसाठी टॉर्की नावाच्या किनाऱ्यावरच्या गावात उतरली होती. तिथला मालक इतका तुसडा होता की त्याने त्यांच्यातल्या अमेरिकन माणसाला काटा-चमचा कसा धरतोस यावरून सुनावलं. बाकीचे कंटाळून दुसरीकडे गेले. क्लीझ मात्र थांबला आणि मालकाला बघत बसला. पुढे त्याने आणि कॉनी बूथने मिळून मालिका लिहिली. तिचे फक्त १२ भाग झाले, सहा १९७५ मध्ये आणि सहा १९७९ मध्ये. प्रत्येक साधारण अर्ध्या तासाचा. म्हणजे एकूण सहा तास. आपण एका रविवारी यापेक्षा जास्त वेब सिरीज बघतो. पण २००० साली ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने सर्वोत्तम १०० ब्रिटिश टीव्ही कार्यक्रमांची यादी केली, त्यात ही मालिका पहिल्या क्रमांकावर होती.

क्लीझने वेटरची भूमिका सॅक्सला दिली, तेव्हा सॅक्सने एक शंका काढली. स्पॅनिश ढब आपल्याला जमेल का, याची त्याला खात्री नव्हती. मग त्याने विचारलं : वेटर जर्मन केला तर चालेल का?

मी हे वाचून फोन बाजूला ठेवला. ज्या देशातून बापाला ताटावरून उचललं, तिथली ढब त्याला सगळ्यात सोपी वाटत होती. साहजिक आहे म्हणा, ती त्याच्या घरचीच होती. क्लीझ मात्र स्पॅनिशवर ठाम राहिला. मग सॅक्सने मिशी लावली, पांढरा कोट चढवला, आणि मॅन्युएल तयार झाला. मिशी काढल्यावर लोक त्याला ओळखायचेसुद्धा नाहीत.

चूक कुणाची?

आता माझ्या मूळ प्रश्नाकडे येऊ. लोक कुणाला हसतायत?

वरवर बघितलं तर मॅन्युएलला. त्याला इंग्रजी कळत नाही, सारखा 'के?' म्हणजे 'काय?' विचारतो, आणि मालकाच्या हातचा मार खातो. मालक बॅझिल फॉल्टी प्रत्येक पाहुण्याला एकच स्पष्टीकरण देतो : माफ करा, तो बार्सिलोनाचा आहे.

पण जरा नीट बघा. पहिल्याच भागात बॅझिलची बायको सिबिल त्याला विचारते की या माणसाला का ठेवलास. उत्तर काय? स्वस्त पडतो आणि शिकायची हौस आहे. म्हणजे कमी पगारात माणूस हवा होता म्हणून परदेशी आणला, त्याला शिकवायचे कष्ट घेतले नाहीत, आणि त्याला कळलं नाही की डोक्यात टपली. वर बॅझिलचा दावा असा की आपल्याला स्पॅनिश येतं. प्रत्यक्षात त्याच्या स्पॅनिशपेक्षा मॅन्युएलचं इंग्रजी बरं.

१९७९ च्या एका भागात तर हिशेब पूर्ण होतो. बॅझिल बायकोपासून लपवून घोड्यावर पैसे लावतो आणि जिंकतो. मॅन्युएलला बजावतो : कुणीही विचारलं तरी तुला काहीही माहीत नाही. नंतर ते पैसे आपलेच आहेत हे सिद्ध करायला त्याला साक्षीदार लागतो, आणि साक्षीदार एकच, मॅन्युएल. आता बॅझिल गयावया करतोय, सांग रे, सांग. आणि मॅन्युएल छाती पुढे काढून, अत्यंत इमानदारीने सांगतो की मला काहीही माहीत नाही. त्याने सूचना शब्दशः पाळली. चूक सूचना देणाऱ्याची. आमच्याकडे याला 'रिक्वायरमेंट बदलली पण कुणी सांगितलं नाही' असं म्हणतात, आणि तिथेही मार डेव्हलपरच खातो.

सॅक्सने मॅन्युएलला कधीच मूर्ख म्हणून केलं नाही. तो उत्सुक आहे, कष्टाळू आहे. नवा शब्द कळला की त्याचा चेहरा उजळतो. त्याला भाषा येत नाही, अक्कल मात्र आहे. हा फरक बॅझिलला कळत नाही, आणि तो न कळणं हाच विनोद आहे. या फरकाची किंमत बर्लिनहून आलेल्या पोराला पुस्तकात वाचावी लागली नसणार.

'द जर्मन्स'

पहिल्या सहामधला शेवटचा भाग २४ ऑक्टोबर १९७५ ला दाखवला गेला. त्याचं नाव 'द जर्मन्स'. हॉटेलात जर्मन पाहुणे येतात. डोक्याला मार लागलेला बॅझिल सगळ्यांना बजावतो की युद्धाचा विषय काढू नका, आणि स्वतःच तो शंभर वेळा काढतो. शेवटी त्यांच्यासमोर हिटलरची नक्कल करत, ताठ पाय उचलत चालतो. आणि ज्याने खऱ्या नाझींचं बर्लिन बघितलं होतं, तो माणूस या भागात स्पॅनिश वेटरच्या कोटात होता.

याच भागात काउंटरवर मूसचं, म्हणजे प्रचंड मोठ्या हरणाचं, पेंढा भरलेलं डोकं ठेवलेलं असतं. मॅन्युएल काउंटरमागे वाकून साफसफाई करता करता पुस्तकातून शिकलेल्या इंग्रजीचा सराव करतोय. हॉटेलात मुक्कामाला असलेल्या म्हाताऱ्या मेजरला वाटतं, ते डोकंच बोलतंय. आणि हो, याच भागात स्वयंपाकघराला आग लागते. धूर दिसावा म्हणून सॅक्सच्या कोटाला रसायन लावलं होतं. ते कापडातून आत उतरलं आणि तो खरोखरच भाजला.

हा भाग २०२० मध्ये पुन्हा चर्चेत आला. त्यातला मेजर भारतीय आणि वेस्ट इंडियन क्रिकेटपटूंबद्दल वंशवादी शब्द वापरतो. जून २०२० मध्ये युकेटीव्हीने आपल्या स्ट्रीमिंगवरून तो काढला. क्लीझ भडकला. त्याचं म्हणणं, आम्ही मेजरची टिंगल करत होतो, मेजरच्या मताची जाहिरात नव्हे. काही दिवसांत सूचनेची पाटी लावून भाग परत आला. मला क्लीझचं पटतं, पण पूर्ण नाही. टिंगल मेजरची आहे हे खरं. पण त्या काळात टीव्हीसमोर बसलेला प्रत्येक जण मेजरलाच हसत होता, मेजरबरोबर हसत नव्हता, याची खात्री कोण देणार?

तुलना करायची तर 'माइंड युअर लँग्वेज' घ्या. १९७७ ला आयटीव्हीवर सुरू झाली. आपल्यातल्या अनेकांनी ती यूट्यूबवर बघितलीय, आणि तिच्यावरून आपल्याकडे दूरदर्शनवर पंकज कपूर यांची 'जबान संभाल के' आली. वर्गात सरदारजी, पाकिस्तानी, जपानी, इटालियन, सगळे चुकीचं इंग्रजी बोलतात आणि आपण हसतो. मास्तर बिचारा चांगला आहे, त्यामुळे त्याला हसायचं कारण नाही. विनोद उरतो तो फक्त उच्चारांचा. मला ती मालिका लहानपणी आवडायची. आता बघितली की कॉलेजमधला 'डिटरमाईन' आठवतो.

गंमत म्हणजे मॅन्युएलची अडचण स्पेनलाही झाली. तिथे डबिंग करताना त्याला इटालियन केलं. बार्सिलोनाच्या कॅटलान भाषेतल्या आवृत्तीत तो मेक्सिकन झाला. आपल्या माणसाला हसणं अवघड, शेजारच्याला सोपं. याबाबतीत सगळे देश सारखेच.

शब्दांशिवाय

मॅन्युएलने सॅक्सला घराघरात नेलं आणि तिथेच डांबूनही ठेवलं. पण गडी गप्प बसला नाही. १९७८ मध्ये त्याने बीबीसी रेडिओसाठी 'द रिव्हेंज' नावाचं नाटक लिहिलं. तुरुंगातून पळालेल्या माणसाची गोष्ट, आणि त्यात एकही संवाद नाही. फक्त आवाज : धाप, पावलं, पाणी, दार. पॉडकास्टवाल्यांनी हे नक्की ऐकावं. भाषेच्या दोन्ही बाजू बघितलेल्या माणसाने भाषाच काढून टाकली आणि तरी गोष्ट सांगितली.

१९८० ला त्याने बीबीसीच्या 'द हिस्टरी ऑफ मिस्टर पॉली'मध्ये मुख्य भूमिका केली. रेडिओवर तो फादर ब्राऊन झाला, आणि २००२ पासून काही वर्षं शेरलॉक होम्सचा डॉक्टर वॉटसन. विचार करा, वॉटसन! इंग्रजांच्या घरातला सगळ्यात इंग्रज माणूस, आणि त्याचा आवाज बर्लिनच्या आंद्रेआसचा. तेव्हा कुणाला त्याच्या उच्चारावर हसू आलं नाही.

२००८ मध्ये मात्र त्याच्यावर एक घाणेरडा प्रसंग आला. रसेल ब्रँड आणि जोनाथन रॉस या दोन सेलिब्रिटींनी बीबीसीच्या रेडिओ कार्यक्रमात ७८ वर्षांच्या सॅक्सच्या आन्सरिंग मशीनवर त्याच्या कुटुंबाबद्दल अचकट-विचकट निरोप ठेवले, आणि ते प्रसारितही झाले. देशभर गदारोळ झाला. ब्रँडने राजीनामा दिला, रॉसला १२ आठवडे घरी बसवलं, आणि बीबीसीला दीड लाख पाउंडांचा दंड झाला. हसणारे दोघे एका खोलीत, आणि ज्याच्यावर हसायचं तो फोनच्या पलीकडे, उत्तर द्यायलाही हजर नाही. बॅझिलने निदान मॅन्युएलला समोर उभं करून टपली मारली होती.

२०१४ मध्ये सॅक्सचं आत्मचरित्र आलं. शीर्षक मॅन्युएलचंच वाक्य : 'आय नो नथिंग!' शेवटची काही वर्षं त्याला स्मृतिभ्रंश होता. २३ नोव्हेंबर २०१६ ला, वयाच्या ८६ व्या वर्षी तो गेला.

म्यूट

आता शेवटचं. हे सांगावं की नाही यावर मी बराच विचार केला.

मागच्या महिन्यात आमच्या टीममध्ये एक नवा पोरगा आला. लातूरकडचा, मराठी माध्यमाचा, कामाला एकदम पक्का. लंडनच्या क्लायंटबरोबरच्या कॉलवर तो 'अर्काइव्ह'ला 'आर्चिव्ह' म्हणाला. क्लायंटने एकदा 'सॉरी?' विचारलं, याने पुन्हा तेच म्हटलं, आणि मग क्लायंटला कळलं. तिकडे कुणी हसलं नाही. हसलो ते आम्ही, म्यूट करून. टीमच्या चॅटवर पहिला 'आर्चिव्ह' आणि त्यापुढे हसरा चेहरा कुणी टाकला असेल? मीच, डिटरमाईनने. तो पोरगाही त्याच चॅटवर आहे. त्याने अंगठा दाखवला. मी कॉलेजात हसायचो ना, अगदी तसाच.

त्या कॉलमध्ये त्याने शोधलेला बग आम्ही तिघे आठवडाभर शोधत होतो. तो त्याने दोन दिवसांत पकडला होता. ते चॅटवर कुणीच लिहिलं नाही.

दुसऱ्या दिवशी मी तो मेसेज डिलीट केला. डिलीट करून काय होतं म्हणा, सगळ्यांनी वाचलेलाच होता. त्याच्याशी अजून नीट बोललेलो नाही. चहाला गेलो की विषय जिभेवर येतो आणि मी क्रिकेटवर बोलतो.

तो हा पॉडकास्ट ऐकतो, मला माहितीये. गड्या, उद्या चहाला ये. तुझा बग कसा सापडला, ते मला समजावून सांग. मराठीत, इंग्रजीत, तुला वाटेल तसं.

भेटू पुढच्या एपिसोडमध्ये.